अनुबोधपट : राष्ट्राच्या जडणघडणीची साक्ष



ज्ञानेश्वर माउलींची पालखी आळंदीहून पुण्याकडे निघते ती विश्रांतवाडीवरूनच. मार्ग तोच, वारकरीही तेच. परंतु भोवतालचा परिसर पार पालटला. एके काळी शहराबाहेर असलेली ही वाडी आज दाट वस्तीचे उपनगर आहे. २०१५ पासून संगमवाडी ते विश्रांतवाडी जलद बसमार्गही सुरू झाला. हे स्थित्यंतर पुढील पिढीला कोण दाखविणार? अनुबोधपटाचे महत्त्व येथे ध्यानी येते.

या परंपरेचा प्रारंभ महाराष्ट्रातच झाला. सावेदादा भाटवडेकर यांनी १८९९ मध्ये मुंबईत कुस्तीचा सामना चित्रित केला. दादासाहेब फाळके यांनी 'राजा हरिश्चंद्र'पूर्वी वाटाण्याच्या रोपाची वाढ पडद्यावर आणली. १९४८ मध्ये मुंबईत फिल्म्स डिव्हिजनची स्थापना झाली आणि या कार्यास राष्ट्रीय स्वरूप लाभले. तिचे अनुबोधपट व वार्तापट मुख्य चित्रपटाआधी दाखविणे चित्रपटगृहांना बंधनकारक असे. ज्यांनी कधी गावाची वेस ओलांडली नव्हती, अशा असंख्य प्रेक्षकांना नवी धरणे आणि पोलाद कारखाने यांचे दर्शन त्यातूनच घडले.

तथापि धरणाची भिंत दिसली, म्हणजे धरणाची सारी कथा कळली असे नव्हे. पाण्याखाली गेलेले गावही त्याच इतिहासाचा भाग असते. शासकीय कॅमेऱ्याने कधीकधी हे धैर्य दाखविले. १९६७ मध्ये एस. एन. एस. शास्त्री यांनी 'आय ॲम ट्वेंटी'मध्ये स्वातंत्र्यासमवेत जन्मलेल्या तरुणांना बोलते केले. त्यांच्या आशेबरोबर त्यांची निराशाही नोंदली. त्याच सुमारास सुखदेव यांनी 'इंडिया ६७'मध्ये निवेदनाविना देशाचे बहुरंगी दर्शन घडविले. हे चित्रपट टिकले, ते प्रशस्तीमुळे नव्हे, प्रामाणिकपणामुळे.

चित्रण करणे जितके अगत्याचे, तितकेच ते जतन करणेही. पुण्यात १९६४ मध्ये राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले ते याच हेतूने. परंतु जानेवारी २००३ मधील आगीत नायट्रेट फितींचा मोलाचा ठेवा भस्मसात झाला. २०२२ मध्ये फिल्म्स डिव्हिजन व हे संग्रहालय राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्यात आले. व्यवस्था बदलली, तरी जबाबदारी तीच आहे.

आज कॅमेरा प्रत्येकाच्या खिशात आहे. विश्रांतवाडीतील युवकांनी वडीलधाऱ्यांच्या आठवणी, जुनी घरे, पालखीची वाट आणि नवे रस्ते चित्रित करावेत. स्थळ व तारीख लिहून ते जपून ठेवावेत. विकासाचा खरा लेखाजोखा मांडावयाचा, तर काय उभे राहिले याबरोबरच काय मागे राहिले, याचीही नोंद हवी.