उजेड एकीकडे, आवाज दुसरीकडे
(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



आजच्या आनंदाच्या दिवशी ही बाई जनरेटरची रड घेऊन उभी राहिली, याचे काहींना नवल वाटेल. परंतु हळदीकुंकवाला जमलो तरी आपल्यांत हा विषय निघतोच. मग तो व्यासपीठावर का येऊ नये?

2005 नंतरच्या भारनियमनाच्या वर्षांत खेड्यापाड्यांतून रोज दहा-दहा तास वीज नसे. तेव्हा ज्याच्या दारी जनरेटर तो भाग्यवान. तो काळ सरला, यंत्रे मात्र राहिली. वीज गेली की नेकनूरच्या बाजारपेठेत ती धडधडू लागतात. मला खटकते ते हे की, दिवा लागतो पुढच्या दुकानात आणि यंत्र बसते मागच्या बोळात, शेजारणीच्या खिडकीखाली. त्या खिडकीआड बाळंतीण निजलेली असते, नाही तर दहावीची मुलगी पुस्तक घेऊन बसलेली असते.

शेजारधर्म म्हणून हे सोसावे, असे आपल्याला सांगण्यात येते. सरकारी नियम तसे म्हणत नाहीत. 2000 सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांप्रमाणे निवासी भागात दिवसा 55 आणि रात्री दहा ते सकाळी सहा 45 डेसिबल ही मर्यादा आहे. शिवाय 2005 पासून तयार झालेल्या 1000 केव्हीएपर्यंतच्या डिझेल जनरेटरचा आवाज त्याच्या पेटीपासून एक मीटरवर 75 डेसिबलच्या वर जाता कामा नये.

आता थोडा हिशेब करू. हिशेबात आपण बायका कच्च्या नाही. मोकळ्या जागेत अंतर दुप्पट झाले की आवाज सुमारे 6 डेसिबलने उतरतो. 1 मीटरवर 75, तर 2 मीटरवर 69, 4 वर 63, 8 वर 57. रात्रीच्या 45 वर यावयास 32 मीटर, म्हणजे शंभराहून अधिक फूट हवेत! आपला बोळ केवढा? त्यातून दोन्ही भिंतींवर आवाज आपटून परततो. म्हणजे कारखान्यातून नियमाप्रमाणे आलेले यंत्रही बोळात बसविले की रात्री नियमाबाहेर जाते. मग उघड्या, पेटीविना यंत्राबद्दल काय बोलावे?

उपाय फार खर्चाचे नाहीत. यंत्र रस्त्याच्या अंगाला घ्यावे, धुराड्याचे तोंड खिडकीकडे नसावे, पायांखाली रबर घालावे. रात्री दोन दिवे नि पंख्यापुरता इन्व्हर्टर पुरे. तोही गुणगुणतो, पण भिंतीपलीकडे जात नाही. मात्र आवाज कोंडावा म्हणून कोणी जनरेटर बंद खोलीत चालवू नये. त्याच्या धुरातला कार्बन मोनॉक्साइड वासावाचून जीव घेतो.

माझी सूचना अशी. प्रथम आपण चौघीजणी त्या त्या दुकानी जाऊन गोडीने सांगू. महिनाभरात फरक न पडल्यास मंडळाच्या नावाने ग्रामपंचायतीकडे व पोलीस ठाण्याकडे लेखी अर्ज देऊ. ज्यांच्या खिडकीखाली यंत्र आहे, त्यांनी यंत्र किती वाजता सुरू होते आणि किती वाजता थांबते हे आठवडाभर टिपून तो कागद चिटणीसबाईंकडे द्यावा.