खाडीपलीकडची मुंबई आणि प्रादेशिक नियोजन



प्रादेशिक नियोजन म्हटले की पुष्कळांच्या डोळ्यांपुढे एक रंगीत नकाशा उभा राहतो. वस्तीला पिवळा रंग, कारखान्यांना जांभळा, शेतीला हिरवा. त्या रंगांखाली कोणाची तरी भातखाचरे आणि मिठागरे असतात, हे मात्र नकाशावरून दिसत नाही. म्हणून आज मी सिद्धान्त बाजूस ठेवून एकाच उदाहरणाविषयी बोलणार आहे; ते म्हणजे नवी मुंबई.

१९६१ च्या शिरगणतीत मुंबईची वस्ती एक्केचाळीस लाखांवर गेली. कचेऱ्या आणि पेढ्या बेटाच्या दक्षिण टोकाला, राहण्याची जागा उत्तरेला. सारे शहर सकाळी एका दिशेने लोटे, संध्याकाळी उलट. चार्ल्स कोरिया, प्रवीणा मेहता व शिरीष पटेल या तिघांनी १९६५ मध्ये 'मार्ग' या नियतकालिकातून सुचवले की, उत्तरेकडे लांबत जाण्याऐवजी खाडी ओलांडून पूर्वेस चला. त्याच सुमारास नेमलेल्या धनंजयराव गाडगीळ समितीने शहराचा विचार त्याच्या प्रदेशासह व्हावा आणि त्यास कायद्याचे पाठबळ असावे, असे सांगितले. १९६६ मध्ये प्रादेशिक नियोजन व नगररचना कायदा झाला. १९७० मध्ये सिडको. पंचाण्णव गावे आणि ३४४ चौरस किलोमीटर, असा तो पसारा होता.

योजनेचे अर्थकारण मोठे चतुर होते. जमीन शेतीच्या भावाने घ्यावयाची, रस्ते-पाणी-गटारे करून ती शहरी भावाने विकावयाची, आणि त्या नफ्यातूनच शहर उभारावयाचे. सरकारी तिजोरीवर भार कमी. पण हा नफा मुळात कोणाच्या जमिनीतून निघाला? हा प्रश्न हिशेबात नव्हता. तो लोकांनी रस्त्यावर विचारला. १९८४ च्या जानेवारीत उरण भागात दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखाली झालेल्या आंदोलनात गोळीबार होऊन पाच माणसे मेली. त्यानंतरच साडेबारा टक्के विकसित भूखंड परत देण्याचे धोरण आकारास आले. टक्केवारीचा हा आकडा नगररचनेच्या ग्रंथांतून नव्हे, तर त्या रक्तातून आला.

दुसरी गोष्ट रोजगाराची. घाऊक बाजार खाडीपार गेले खरे; पण मंत्रालय जागचे हलले नाही, आणि शासनानेच नरिमन पॉइंटला समुद्र बुजवून नव्या कचेऱ्यांना जागा करून दिली. एका हाताने गर्दी पसरवावयाची आणि दुसऱ्याने ओढून घ्यावयाची! वाशीला आगगाडी पोहोचली ती १९९२ मध्ये. वस्ती आधी गेली, गाडी मागून आली.

आता २०२४ च्या जानेवारीत अटल सेतू वाहतुकीस खुला झाला आहे. त्याच्या पलीकडील टोकाशी, उरण, पनवेल व पेण तालुक्यांतील १२४ गावांत आणखी एक नवे शहर उभारण्याचे ठरले आहे. शेजारच्या 'नैना' क्षेत्रात सक्तीच्या संपादनाऐवजी जमिनी एकत्र करून मालकास चाळीस टक्के विकसित भूखंड परत देण्याची रीत आहे. साडेबारांवरून चाळीस, ही प्रगती मी नाकारीत नाही. परंतु हा वाटा सातबाऱ्यावर नाव असलेल्याचा. खाडीत जाळे टाकणारा कोळी, मिठागरावरचा मजूर, दुसऱ्याच्या शेतात राबणारा आदिवासी यांचे नाव कोणत्याच उताऱ्यावर नसते. आणि भराव पडला की पहिली उपजीविका बुडते ती त्यांचीच. त्यांच्यासाठी किती टक्के, हे अजून कोणत्याही नकाशावर लिहिलेले मी पाहिलेले नाही.