डोंगराचा भांग

उल्हासनगर, अंबरनाथ, बदलापूरकरांनो, होळीच्या सुमारास रात्री गच्चीवरून मलंगगडाकडे, चंदेरीकडे बघा. एखाद्या रात्री उतारावर नारिंगी रेघ सरकताना दिसते. मुलांना उचलून दाखवतात, फोटो काढतात. अहो, तो वणवा असतो!

मला आज जाळरेषेबद्दलच बोलायचं आहे. ऊन तापण्याआधी वनखातं जंगलात पट्टे आखून तिथलं गवत कापतं, जाळतं. पुढून येणाऱ्या आगीला त्या पट्ट्यात खायला काही उरत नाही. डोंगराचा भांगच म्हणा ना. पण भांग एकदा पाडला आणि चार दिवस फणीच लावली नाही, तर केस पुन्हा एकमेकांत मिसळतात. तसंच इथे. सागाची पानं गळतात, दोन्हीकडचं गवत वाकतं, भांग बुजतो आणि आग पलीकडे जाते. म्हणून पट्टा पावसाळ्यापर्यंत झाडून ठेवायला हवा.

हवाईतल्या माउई बेटावर 8 ऑगस्ट 2023 ला लाहायना शहर वणव्यात जळालं. शंभराच्या वर माणसं गेली. धोक्याचे भोंगे होते, पण वाजवले गेले नाहीत. आपत्ती विभागाच्या प्रमुखांना पद सोडावं लागलं. त्यावर पुष्कळ बोललं गेलं, ते योग्यच. पण उसाचे मळे बंद पडल्यावर तिथं वर्षानुवर्षं गवत माजलं होतं, त्याचं काय? भोंगा वाजायच्या आधी गवत निघायला हवं. जाळरेषा म्हणते मी, ती याचसाठी.

आपल्याकडे डेहराडूनच्या भारतीय वन सर्वेक्षणाकडून उपग्रहानं टिपलेल्या आगीचा संदेश मोबाइलवर येतो. चांगली सोय आहे. पण आग चढावर पळत सुटते आणि वनरक्षकाला तोच चढ पायी चढून ती हिरव्या फांद्यांनी झोडपायची असते. भांग आधीच पाडलेला असेल, तर त्याला निदान उभं राहायला जागा मिळते.

शेतात पालापाचोळा जाळून राब भाजणाऱ्या शेतकरीदादांनो, वारा पडल्यावर भाजा, आधी कडेचं गवत काढा. आणि शहरातल्या मंडळींनो, वणव्याचं सगळं खापर त्यांच्यावर फोडू नका. गडावर शेकोट्या पेटवून, त्या न विझवताच खाली उतरणारे आपलेच असतात.

आग दिसली की 1926 हा वनखात्याचा क्रमांक लावा. फोटो मागाहून. बारवी धरणाभोवतालचं रान जळालं की पहिल्या पावसात राख आणि माती कुठं जाते, तेही सांगायचं होतं. पाणी आपण तिथलंच पितो. पण वेळ झाली.