रणभूमीवरील तिसरा डोळा

युद्धाची दृश्ये आज घरोघरी दूरचित्रवाणीवर दिसतात. जेवता जेवता पाहिलीही जातात. ती टिपणारा माणूस त्या क्षणी कोठे व कशा अवस्थेत उभा होता, हा विचार मात्र क्वचितच मनात येतो. या दृष्टीने युक्रेनमधील मारिउपोल शहराचे उदाहरण मनन करण्याजोगे आहे.

२४ फेब्रुवारी २०२२ रोजी रशियाने युक्रेनवर आक्रमण केले. त्याच पहाटे, युद्धाला तोंड फुटण्याच्या जेमतेम तासभर आधी, ‘असोसिएटेड प्रेस’ वृत्तसंस्थेचे चित्रणकार मस्तिस्लाव्ह चेर्नोव्ह आपल्या सहकाऱ्यांसह मारिउपोलमध्ये पोहोचले. चेर्नोव्ह मूळचे युक्रेनमधील खारकिव्हचे. होरपळत होती ती त्यांचीच मायभूमी. थोड्याच दिवसांत शहराला वेढा पडला. वीज, पाणी, दूरध्वनी सारेच बंद झाले. परदेशी वृत्तसंस्थांचे अन्य वार्ताहर बाहेर पडले. ही मंडळी मागे राहिली.

९ मार्चला तेथील प्रसूतिगृहावर बॉम्ब पडले. स्ट्रेचरवरून नेल्या जाणाऱ्या एका जखमी गर्भवतीचे दृश्य त्यांनी टिपले. पुढे ती माता आणि तिचे बाळ, दोघेही दगावले. परंतु दृश्य टिपणे हे निम्मेच काम असते. इंटरनेट बंद असलेल्या शहरातून ते बाहेर पाठवायचे कसे? एका पोलीस अधिकाऱ्याने त्यांना वीज व संपर्क मिळेल अशा जागी नेले आणि तेथून चित्रण जगापुढे गेले. रशियाच्या बाजूने तो सारा बनाव असल्याचा, जखमी स्त्रिया अभिनय करीत असल्याचा प्रचार झाला. त्याला उत्तर होते ते केवळ या चित्रणाचेच.

आक्रोश करणाऱ्या आईवर कॅमेरा रोखणे ही क्रूरता नव्हे काय? प्रश्न रास्त आहे. मारिउपोलमध्येही काही जण चित्रणकारांवर संतापले. मात्र बालकांना वाचवण्यासाठी झटणाऱ्या डॉक्टरांनीच त्यांना चित्रण करण्यास बजावले. ज्यांचे दुःख, त्यांनाच त्याची नोंद हवी होती.

१५ मार्चला त्यांना शहर सोडावे लागले. शत्रूच्या हाती सापडलात, तर टिपलेले सारे खोटे होते असे तुमच्याच तोंडून वदवून घेतले जाईल, असा इशारा त्यांना देण्यात आला होता. जिवापेक्षाही मोठी भीती होती ती सत्य पुसले जाण्याची. रशियन सैन्याच्या पंधरा तपासणी नाक्यांतून ते बाहेर पडले. त्या चित्रणातून ‘ट्वेंटी डेज इन मारिउपोल’ हा माहितीपट साकारला. मार्च २०२४ मध्ये त्याला ऑस्कर मिळाले. युक्रेनचे हे पहिलेच ऑस्कर. पण तो स्वीकारताना चेर्नोव्ह म्हणाले की, हा चित्रपट काढण्याची वेळच आली नसती तर बरे झाले असते.

सज्जनहो, ज्या समाजाजवळ आपल्या यातनांची नोंद नसते, त्याचा इतिहास इतरेजन लिहितात. म्हणूनच पडद्यावरील युद्धदृश्य पाहताना दोन गोष्टींचे भान राखावे. ते कोणी, कोठे व केव्हा टिपले याची खातरजमा करावी. आणि ते खरे ठरले, तर त्यापासून नजर वळवू नये.