ध्रुवची तीन वर्षं

विज्ञानलेखकांच्या संमेलनात अध्यक्षाने वर्षभराच्या लेखनाचा आढावा घ्यावा, अशी प्रथा आहे. पण अणुशास्त्रज्ञांच्या मराठी चरित्रांचा विषय निघाला की मला बाकीचं सुचत नाही. बहुतेक चरित्रं जन्मगावाहून निघतात, पोखरणला पोचतात आणि पुरस्कारांच्या यादीपाशी थांबतात. मधली तीस-चाळीस वर्षं हा माणूस रोज कामावर जाऊन काय करत होता, ते वाचकाला कळतच नाही.

डॉ. अनिल काकोडकरांचंच पाहा. माहीमचं तुळशी पाइप रोडवरचं रुपारेल महाविद्यालय, मग माटुंग्याचं व्हीजेटीआय, १९६३ साली यंत्र अभियांत्रिकीची पदवी, १९६४ पासून ट्रॉम्बेचं अणुसंशोधन केंद्र. एवढं सगळेच लिहितात. १९६९ साली नॉटिंगहॅमहून त्यांनी पदव्युत्तर पदवी घेतली, हेही लिहितात. पण विषय होता प्रायोगिक ताण-विश्लेषण, म्हणजे भार आला की धातू कुठे वाकतो, कुठे तडकतो हे मोजण्याची विद्या, हे सांगायचं राहून जातं. पुढचं आयुष्य तर त्याच विद्येवर उभं आहे. ज्या ‘ध्रुव’ अणुभट्टीच्या रचनेत त्यांचा मोठा वाटा होता, ती ८ ऑगस्ट १९८५ रोजी पेटली. चरित्रकार इथे टाळी घेऊन पुढे जातो. खरी गोष्ट सुरू होते ती यानंतर. जड पाण्याच्या जोरदार प्रवाहात युरेनियमच्या इंधनकांड्या थरथरू लागल्या, त्यांचं ॲल्युमिनियमचं कवच घासलं जाऊ लागलं, पाण्यात किरणोत्सार वाढला. इंधनाच्या जुडग्याची रचना बदलावी लागली. १०० मेगावॉटची पूर्ण शक्ती गाठायला १९८८ उजाडलं. कल्पाक्कमच्या अणुवीज केंद्राचा पहिला संचही एकदा मोडीत निघायच्या बेतात होता. तो पुन्हा उभा करण्यातही काकोडकर होते. भाभांनी ज्या स्वावलंबनाचा आग्रह धरला, त्याची परीक्षा अशा बिघाडांत झाली.

हे बिघाड चरित्रांत का येत नाहीत, असं विचारलं की गुप्ततेचं कारण पुढे केलं जातं. पोखरणच्या स्फोटांपुरतं ते मान्य. पण ध्रुवची कंपनं आणि कल्पाक्कमची दुरुस्ती उघड नोंदीत आहेत. त्या नोंदी वाचायचे कष्ट आपण घेतलेले नाहीत. दुसरा आक्षेप, वाचकाला तांत्रिक मजकूर झेपत नाही. परळ-लालबागच्या गिरण्यांत चातीचा आवाज बदलला की बिघाड ओळखणारी माणसं होती. कांडी हा शब्द तर त्यांच्याच खात्यातला. त्यांच्या नातवंडांना थरथरणारी कांडी समजणार नाही, असं मानणं हा त्यांचा अपमान आहे. तिसरा आक्षेप वजनदार आहे: हे काम शेकडो जणांचं, मग एकाच्या चरित्रात ते कसं मांडायचं? माझ्या मते म्हणूनच मांडायचं. स्फोटाच्या वर्णनाला एक नायक पुरतो. दुरुस्तीचं वर्णन करायला बसलात की वेल्डर, धातुतज्ज्ञ, पाण्याचे नमुने तपासणारा रसायनज्ञ यांना आत घ्यावंच लागतं आणि मुख्य माणूसही त्यांच्यात उभा असलेला नीट दिसतो.

तेव्हा निवृत्त तंत्रज्ञांच्या आठवणी ध्वनिमुद्रित करायला हव्यात, भट्टीवर बोलले जाणारे शब्द गोळा करायला हवेत. कोणी आणि कसं, ते दुपारच्या बैठकीत ठरवू. निदान १९८५ ते १९८८ ही तीन वर्षं तरी पुढच्या संमेलनाआधी मराठीत लिहून झालेली मला हवी आहेत.