कारंजाचीं ग्रंथभांडारें

सेंट गालच्या मठांत १४१६ सालीं पोज्जोला क्विंटिलियनचा संपूर्ण ग्रंथ सांपडला, ही कथा सर्वश्रुत आहे. वऱ्हाडांतील कारंजाची मात्र फारसें कोणी सांगत नाहीं. येथें सेनगण, बलात्कारगण व काष्ठासंघ या तिन्ही भट्टारकपरंपरांचीं मंदिरें व त्यांचीं ग्रंथभांडारें. रायबहादुर हिरालाल यांच्या १९२६ च्या सूचींत येथील हस्तलिखितांची नोंद झाली. पुढें पुष्पदंताचें दहाव्या शतकांतील ‘जसहरचरिउ’ डॉ. प. ल. वैद्य यांनीं १९३१ सालीं व ‘णायकुमारचरिउ’ प्रा. हीरालाल जैन यांनीं १९३३ सालीं संपादिलें. मराठीच्या पूर्वीची अपभ्रंश वाणी अशी अभ्यासकांच्या हातीं आली. भट्टारकांच्या ऐश्वर्यावर टीका झाली, ती अकारण नव्हे. परंतु व्रताच्या उद्यापनास नवी पोथी लिहवून दान करण्याचा प्रघात त्यांच्याच आश्रयानें टिकला, आणि जुनें पान झिजण्यापूर्वीं नवें तयार होत गेलें.