निर्माता नेमकं काय करतो? रामानंद सागर यांच्या निमित्ताने



मालिका संपताना नावांच्या पाट्या सरकतात, त्यातलं निर्मात्याचं नाव कुणी वाचत नाही. निर्माता म्हणजे पैसे घालणारा शेटजी, एवढीच आपली समजूत. मी निर्मिती व्यवस्थापनात बरीच वर्षं काढली आहेत, म्हणून हा विषय मागून घेतला. आणि माणूस निवडला रामानंद सागर. 'रामायण' सगळ्यांनी पाहिलंय. त्यामागची जोखीम मात्र फारशी कुणी पाहिलेली नाही.

जन्म १९१७ चा, लाहोरजवळचा. मूळ नाव चंद्रमौली चोप्रा. तरुणपणी क्षय झाला, तर आजाऱ्याची रोजनिशी लिहून छापायला दिली. फाळणीनंतर मुंबईत आले आणि त्या होरपळीवर 'और इन्सान मर गया' ही कादंबरी लिहिली. म्हणजे माणूस मुळात लेखक. १९४९ च्या 'बरसात'चं लेखन त्यांचं. 'पैगाम'च्या संवादांना फिल्मफेअर मिळालं. पुढे स्वतःच्या संस्थेतून 'आरजू', 'आँखें', 'गीत'. 'आँखें'साठी दिग्दर्शनाचंही फिल्मफेअर. थोडक्यात, साठीला पोचेपर्यंत सगळं मिळालेलं होतं.

आता खरी गोष्ट. १९७६ च्या 'चरस'च्या वेळी युनिट युरोपात होतं. तिथल्या एका कॅफेत सागरांनी रंगीत टीव्ही पाहिला आणि तिथेच ठरवलं की आता सिनेमा सोडायचा, ही हकिकत त्यांचे चिरंजीव प्रेम सागर सांगत. पाच मिनिटांत ठरवलं वगैरे भाग मी थोडा घरच्या कौतुकाचा धरतो. पण निर्णय झाला हे खरं, आणि तो वेडाच होता. भारतात रंगीत प्रक्षेपण आलं १९८२ मध्ये! सिनेमावाले टीव्हीला 'छोटा पडदा' म्हणायचे ते काही प्रेमाने नव्हे. मुकुट घातलेली माणसं घरबसल्या कोण बघणार, म्हणून पैसेवाले हात आखडता घेत होते.

मग त्यांनी काय केलं? आधी 'विक्रम और बेताल' काढली, १९८५ मध्ये. ती यादी जरा बघा: अरुण गोविल, दीपिका चिखलिया, सुनील लहरी, अरविंद त्रिवेदी, दारा सिंग. म्हणजे राम, सीता, लक्ष्मण, रावण आणि हनुमान! मोठा डाव लावण्याआधी लहान डावात माणसं, कपडेपट, चमत्काराची दृश्यं, सगळं पारखून घेतलं. निर्मात्याची अक्कल म्हणतात ती ही.

'रामायण' २५ जानेवारी १९८७ ला सुरू झालं. तेव्हाच्या प्रायोजित कार्यक्रमांचा व्यवहार समजून घ्या. भाग तुम्ही तुमच्या खर्चाने बनवायचा, वर दूरदर्शनला प्रक्षेपणाचं शुल्क भरायचं. बदल्यात मिळायचे जाहिरातींचे काही सेकंद. ते विकले गेले तर चूल पेटली. नाही गेले तर सेट उभा, नट मुक्कामाला, घोडे चारा खातायत आणि तुमचं व्याज चालू. सत्तरीला टेकलेल्या माणसाने हा पट मांडला होता.

चित्रीकरण उंबरगावला, आपल्या डहाणूच्या पलीकडे गुजरातच्या हद्दीत. मुंबईत का नाही? कारण मुंबईत नट एका सेटवरून दुसऱ्या सेटवर पळतो. उंबरगावात तो पळून जाणार कुठे? सगळे तिथेच राहायचे, रात्री-अपरात्री काम चालायचं, आणि तरीही कॅसेट कधी कधी ऐन वेळी दिल्लीत पोचायची. दर रविवारी सकाळी देश टीव्हीसमोर बसलेला असताना ती कॅसेट उशिरा पोचली असती तर? माझ्या तर अंगावर काटा येतो.

आपल्या लोकांचं म्हणाल तर दशरथ बाळ धुरी आणि कौसल्या जयश्री गडकर. हे खऱ्या आयुष्यातलंही जोडपं. मंथरा ललिता पवार, भरत संजय जोग. अयोध्येच्या राजवाड्यात निम्मं मराठीच बोललं जात असेल, असं मी गमतीने म्हणतो.

५२ भागांचं ठरलेलं काम ७८ वर गेलं. ३१ जुलै १९८८ ला मालिका संपली. उत्तरकांडही दाखवा, म्हणून जालंधरच्या सफाई कामगारांनी संप केला. आणि निर्मात्याला पुन्हा उभं राहावं लागलं, 'उत्तर रामायण'साठी.

एक गोष्ट टाळून चालणार नाही. या मालिकेने धार्मिक राजकारणाला खतपाणी घातलं, अशी टीका अभ्यासकांनी केली. १९९१ मध्ये दीपिका चिखलिया बडोद्यातून आणि अरविंद त्रिवेदी साबरकांठ्यातून लोकसभेवर गेले, तेही एकाच पक्षाकडून. सीता आणि रावण! सागरांनी हे योजलं होतं असं मला वाटत नाही. पण इतक्या घरांत शिरणाऱ्या माणसाला 'मी फक्त गोष्ट सांगितली' म्हणून मोकळं होता येतं का? मला तरी नाही वाटत. तुमचं मत वेगळं असेल.

त्यांना २००० साली पद्मश्री मिळाली, २००५ मध्ये ते गेले. २०२० च्या टाळेबंदीत मालिका पुन्हा लागली. एका दिवसात ७.७ कोटी प्रेक्षक, असा दूरदर्शनचा दावा होता. त्या आकड्यावर वादही झाला. वाद बाजूला ठेवला तरी तेहतीस वर्षांपूर्वीचा तो माल चालला, तोही मोबाइलवर वाढलेल्या पोरांसमोर.

आता तुमचे प्रश्न घेतो. हैदराबादहून एक ताई मघापासून हात वर करून बसल्या आहेत. बोला ताई.